तात्यांच्या बोटांवर चालणारी म्हैस

पाडवा झाला की माझं डोकं ठिकाणावर राहत नाही. पुण्यातल्या घरात पंखा फिरत असतो, खिडकीबाहेर बहावा पिवळाधमक झालेला असतो, टेबलावर कुठल्यातरी बिस्किटाच्या जाहिरातीतल्या सशासाठी अर्धवट केलेली धून पडलेली असते, आणि मी आपली या खोलीतून त्या खोलीत. चहा टाकते, विसरते, तो आटून जातो. फ्रीज उघडून उभी राहते आणि काहीच न घेता बंद करते. आणि बोटं सगळा वेळ चालू. ओट्यावर, पुस्तकाच्या पुठ्ठ्यावर, रिक्षात बसले तर मांडीवरच्या पर्सवर. एकदा बँकेच्या काउंटरवर ताल धरला तर आतल्या बाईंनी "घाई आहे का मॅडम?" असं चांगलंच कुजकटपणे विचारलं होतं. घाई कसली डोंबलाची! चैत्र लागला होता, एवढंच. पण हे त्यांना कसं सांगणार?

माझा धंदाच जरा चमत्कारिक आहे. मी कार्टूनच्या पिक्चरांना संगीत देते. हे सांगितलं की माणसं आधी हसतात, मग म्हणतात, "म्हणजे ते मांजर आपटल्यावर ढिश्श वाजतं, ते तुम्ही?" हो बाबांनो, ते मीच. मांजर आपटतं ते मी, उंदीर जिना चढतो ती मी, ढगातून पहिला थेंब पडतो तीही मीच. सगळं आयुष्य यात गेलं. माझे वडील, तात्या, लोणंदला रेल्वेत गँगमन होते. तिथल्या शाळेत गाण्याच्या बाईंनी मला पेटी शिकवली, त्या पेटीच्या जिवावर मी पुण्याला कॉलेजात आले, एका ऑर्केस्ट्रात मागच्या रांगेत बसून वाजवायला लागले आणि तिथून कशी कोण जाणे मुंबईत दादरच्या एका पोटमाळ्यावर जाऊन पडले. तिथे पाटणकर सर नावाचे एक सदा खोकणारे गृहस्थ आणि त्यांचे चित्रकार हातानं एकेक कागद रंगवून मुलांसाठी पिक्चर करायचे. आज त्या पिक्चरांना क्लासिक म्हणतात. आम्ही करत होतो तेव्हा 'पोराटोरांचं काहीतरी' म्हणायचे. नंतर सगळं कॉम्प्युटरवर गेलं, सर गेले, पोटमाळाही गेला. मी जाहिरातींतले ससे आणि टूथपेस्टमधले किडे नाचवत राहिले.

यंदाच्या अस्वस्थपणाला मात्र कारण आहे. निखिल नावाच्या एका दिग्दर्शकानं सरांच्या घरून जुनी रिळं मिळवली आणि ती स्वच्छ करायला घेतली. हुशार मुलगा आहे, मुलगा म्हणते पण चाळिशीला टेकलाय. त्याचा फोन आला. "ताई, म्हशीचा पिक्चर सापडला! चित्र एकदम टकाटक आहे. पण आवाज गेला. बुरशीनं खाल्ला. पुन्हा करायचा, आणि तुम्हीच करायचा."

म्हशीचा पिक्चर म्हणजे माझी सगळ्यात लाडकी गोष्ट. एक म्हातारी म्हैस असते. सांगलीच्या घाटावर रोज नदीत डुंबते. एक दिवस तिच्या मनात येतं की हे पाणी येतं तरी कुठनं? आणि निघते बाई नदीच्या काठाकाठानं वर, थेट साताऱ्याच्या डोंगरात. बोलणं काही नाही, नुसतं संगीत आणि चाल. म्हैस मागच्या डाव्या पायानं थोडी लंगडते. वाटेत तिला भेटणारी बगळे-कुत्री आधी हसतात आणि मग तिच्यामागून लंगडतच चालायला लागतात.

"एक आयडिया आहे," निखिल पुढं म्हणाला. "तेव्हा तुम्ही म्हशीच्या चालीला कसलातरी डबा वाजवला होता ना? आता खरी हलगी घेऊ. तिकडचंच पथक बोलावू. मातीतला आवाज!"

आणि दुसऱ्याच दिवशी त्यानं एका पथकाचा नमुना पाठवलासुद्धा. मी ऐकला. खोटं कशाला बोलू, अंगावर काटा आला. पोरांचा हात सुरेख होता. हलगी अशी कडाडली की मी खुर्चीतून उठून उभी राहिले. आणि उभी राहिल्याबरोबर मला तात्यांचं तोंड दिसलं. मी तो नमुना बंद केला आणि पुन्हा आपली या खोलीतून त्या खोलीत. तेव्हापासून रोज निखिलचा मेसेज येतोय, 'ताई, ठरलं का?' आणि मी रोज त्याला अंगठा पाठवतेय. त्या अंगठ्याचा अर्थ त्याला कळत नाही आणि मलाही.

आता हलगीचं सांगायला हवं. आष्ट्याजवळच्या आमच्या गावात, आमच्या आज्ज्याच्या काळी, हलगी वाजवायचं काम आमच्या घराकडं होतं. काम म्हणजे हौस नव्हे. गावात लग्न असो, मयत असो, जत्रा असो, कुस्त्यांचं मैदान असो, चावडीवरून हाक यायची, "ए संत्या, हलगी घिऊन ये." आज्ज्याचं नाव संतू. ऊन असो, ताप असो, घरात बाळंतीण असो, जायचं. वाजवायचं, पाहुण्यांच्या पुढं चालायचं आणि जेवायला सगळ्यात शेवटी, लांब बसायचं. संतूआज्ज्याचा हात म्हणे पंचक्रोशीत कुणाला नव्हता. त्याच्या हलगीनं पैलवान उठून उभे राहायचे. त्याच्याबरोबर तात्याही लहानपणी वाजवायला शिकले, मैदानात बापाशेजारी उभं राहून. पुढं आमच्या लोकांनी धर्म बदलला, आणि त्या वर्षी संतूआज्ज्यानं हलगीचं कातडं काढून टाकलं. उरलेलं लोखंडी कडं फेकलं नाही, विकलं नाही. आजीनं ते पाण्याच्या घागरीखाली ठेवलं, घागर डुगडुगू नये म्हणून. आजही आमच्या गावच्या घरात पाण्याचा माठ त्याच कड्यावर बसलेला आहे. आम्ही सगळी त्या माठातलं पाणी पिऊन वाढलो.

तात्या तेव्हा मिसरूड फुटायच्या वयाचे होते. त्या दिवसापासून त्यांनी हलगीला हात लावला नाही. पण बोटांना कोण सांगणार? मला आठवतं तसं त्यांच्या बोटांना थारा नव्हता. लोणंदच्या क्वार्टरमध्ये जेवताना ताटाच्या कडेवर, पितळी तांब्यावर, सायकलच्या सीटवर, ताप आला म्हणून कपाळ बघायला हात ठेवला तर माझ्या कपाळावर. त्यांना स्वतःला ते कळायचंही नाही. आई बोलता बोलता त्यांच्या हातावर आपला हात ठेवायची आणि बोटं थांबायची. एवढं साधं होतं ते. आमच्या घरात त्यावर कुणी अवाक्षर बोलायचं नाही.

आणि चैत्रात आम्ही गावी यायचो, जत्रेला आणि जयंतीला. दोन्ही सण एकाच पंधरवड्यात. इकडं देवळावर भगव्या पताका, तिकडं आमच्या गल्लीत निळ्या. साखर कारखान्यांचं गाळप संपून पट्टे पडलेले, उसाची पाचटं पेटवल्याचा धूर रानातून आलेला, हळदीच्या खळ्यावर हळद घासायची पिंपं फिरायची आणि त्यांच्या खडखडाटाबरोबर पिवळी धूळ सगळ्यांच्या केसांत, भुवयांत. आई अंगणात जयंतीची पांढरी लुगडी वाळत घालायची आणि धुळीला शिव्या मोजायची. त्या धुळीचा वास आला की अजून मला भूक लागते. सकाळी गल्लीत भाषणांची तालीम, दुपारी कुस्त्या. कुस्त्या सुरू झाल्या की मैदानातून हलगी ऐकू यायची. शेजारच्या गावातनं कुणी वाजवणारे आणलेले असायचे. ती ऐकू आली की तात्या उठायचे आणि दार लावून घ्यायचे. भर दुपारी, घरात भट्टी झालेली, तरी दार बंद. लहानपणी मला वाटायचं, धूळ येते म्हणून लावतात.

मी तिशीच्या आतबाहेर असतानाचा एक चैत्र मात्र माझ्या डोक्यातून जातच नाही. पाटणकर सरांची पद्धत अशी, की चालायचं पात्र असलं की आधी ताल पाहिजे. त्या तालावर चित्रकार पाय मोजून काढणार. ताल बायकोसारखा आधी घरात यावा लागतो, असलं काहीबाही ते खोकत खोकत बोलायचे. म्हशीचा ताल काही केल्या मला सापडेना. तबल्यावर केला तर ती मैफलीला निघाल्यासारखी वाटायची, ढोलकीवर केला तर फडावर. सर म्हणाले, "गावी जा, म्हशी बघ." म्हशी मी जन्मभर बघितल्या होत्या, पण सुट्टी मिळतेय म्हटल्यावर कोण सोडतंय! कच्च्या चित्रांचं एक बाड पिशवीत टाकलं आणि निघाले.

दुपारी तात्या सोप्यात बसले होते. शेजारी जोंधळ्याचा पत्र्याचा डबा. त्यांनी पिशवीतलं बाड ओढलं.

"ही काय म्हसरं काडल्यात?"

"सरांनी काढलीत. अशी अंगठ्यानं पानं सोडायची तात्या, म्हणजे चालते."

त्यांनी अंगठ्यानं पानं सोडली. म्हैस चालली. तात्या लहान पोरासारखे खुदकन हसले. पुन्हा सोडली. पुन्हा.

"कुणाची म्हणायची ही?"

"कुणाची नाही हो. चित्रातली आहे."

"चित्रातली का आसंना, मागला डावा पाय दुखतोय हिचा."

"तसंच काढलंय. म्हातारी आहे ना."

"मग तिला पळवू नगंस," तात्या म्हणाले. डाव्या हाताच्या अंगठ्यानं पानं सुटत होती आणि उजव्या हाताची बोटं डब्याच्या झाकणावर गेली होती. तीन पाय नीट पडायचे, चौथा जरा मागं रेंगाळायचा, टेकू की नको असं करायचा आणि मग टेकायचा. मी श्वाससुद्धा घेतला नाही. आई आतून कणकेच्या हातानं आली, नेहमीप्रमाणे त्यांच्या हातावर हात ठेवायला वाकली, माझ्याकडं बघितलं, बाडाकडं बघितलं आणि तशीच परत आत गेली. माझ्या सगळ्या धंद्यात मला मिळालेली ती सगळ्यात मोठी देणगी. दिली कुणी, तात्यांनी की आईनं, ते मला आजही नक्की सांगता येणार नाही.

मी मुद्दाम शेजारी बसून, त्यांच्यादेखत, डब्याच्या दुसऱ्या कडेवर तोच ताल धरला. त्यांनी मान हलवली, चौथा पाय पुन्हा वाजवून दाखवला. मग मी खूश होऊन बोलून गेले, "तात्या, हे हलगीवर घेतलं तर? मुंबईत वाजवणारे मिळतील."

बोटं थांबली. रागावले वगैरे नाहीत. पानं नीट जुळवून बाड माझ्या हातात दिलं. "हलगी नगं, शोभे. बाकी कशावर बी घे." थोड्या वेळानं म्हणाले, "डबा न्यायचा आसला तर आईला इचार. जोंधळं हायती त्यात."

नेला डबा. एस्टीत कंडक्टर म्हणाला, "बाई, मुंबईत डबं मिळत न्हाईत व्हय?" रेकॉर्डिंगला रिकामा वाजवला तर भांड्याचं दुकान कोसळल्यासारखा आवाज आला. मग खालच्या वाण्याकडून जोंधळा आणून निम्मा भरला, तेव्हा कुठं तो आमच्या सोप्यातल्यासारखा बोलायला लागला. वाजवला मीच. चित्रकारांनी त्याच्यावर पाय काढले. म्हणजे त्या पिक्चरमध्ये जी म्हैस चालते ती तात्यांच्या बोटांवर चालते. सुरुवातीच्या पाटीवर 'संगीत: शोभा बनसोडे' असं आलं. मला आभाळ ठेंगणं झालं होतं.

पुढच्या वर्षी जत्रेच्या आठवड्यातच तो पिक्चर टीव्हीवर लागला. शाळेच्या पडवीत टीव्ही होता, तिथे संध्याकाळी सगळं गाव गोळा झालं. आपल्या गावची पोरगी टीव्हीवर आली म्हणून आमची गल्लीही आली होती, वरची आळीही. पुढं खुर्चीवर यशवंतआबा बसले होते. कुस्त्यांचं मैदान त्यांच्याकडं असायचं, तेव्हाही सत्तरीचे असतील. तात्या मागं भिंतीला टेकून बाकावर. पाटी आली, टाळ्या पडल्या. मग म्हैस निघाली, डबा वाजू लागला, आणि यशवंतआबांनी मांडीवर थाप मारली.

"आरं, हा तर संतूच्या घरचा हात! डब्यावर वाजीव न्हाईतर कशावर, ह्यो हात लपतोय व्हय?"

सगळं गाव मागं वळलं. तात्या उठले होते. मला दिसली ती त्यांची पाठ. दोन्ही हात काखेत घातलेले, थंडी वाजावी तसे, ऐन चैत्रात. ते पडवी उतरून गेले.

पिक्चर मी पुरा बघितला नाही. घरी आले तर तात्या माठाजवळ उभे राहून पाणी पीत होते. "वाढा जेवायला," एवढंच म्हणाले. मी तोंड उघडलं तर आईनं डोळ्यांनी दटावलं. नंतर चुलीपाशी हळूच म्हणाली, "त्यास्नी इचारू नगं." मी विचारलं नाही. आई गेली, तरी विचारलं नाही. पण त्या पाठीनं माझा पिच्छा सोडला नाही. जो हात त्यांनी बापाच्या शब्दाखातर आवरून धरला होता, तो मी सगळ्या गावापुढं वाजवून दाखवला, असं त्यांना वाटलं असेल? आबांची ती थाप त्यांना चावडीवरच्या हाकेसारखी लागली असेल? की मला वाटतंय ते सगळंच चूक? कितीतरी ससे, उंदीर, हत्ती चालवले मी त्यानंतर. प्रत्येकाच्या चालीत ती बोटं होती, आणि प्रत्येक वेळी ती पाठ डोळ्यांसमोर यायची.

आणि आता निखिल म्हणतो, हलगी घेऊ. गंमत बघा, ज्या हलगीला 'ए संत्या' म्हणून हाक यायची ती आता कला झाली आहे. कॉलेजातली पोरं, सगळ्या आळ्यांतली, एकसारखे झब्बे घालून वाजवतात. त्यांना गाडी पाठवतात, हार घालतात. चांगलंच झालं की! मग मी निखिलला नुसता अंगठाच का पाठवतेय? यात मला माझाच राग येतो. तात्यांना विचारावं तर त्यांना दिवाळीनंतर अर्धांगाचा झटका येऊन गेलेला. उजवा हात गेला. डोकं साफ आहे, जीभ जराशी जड. आता मी विचारलं आणि ते 'घे' म्हणाले, तर ते तात्या म्हणतायत की त्यांचं दुखणं म्हणतंय, हे मला कसं कळणार? आणि 'नको' म्हणाले तर? आणि न विचारताच घेतली तर मी कोण?

शेवटी गेल्या आठवड्यात उठले आणि निघाले. शिरवळला चहाला थांबले आणि अर्धा तसाच टाकून गाडीत बसले. ड्रायव्हरनं आरशातून दोनदा बघितलं, कारण मी त्याच्या सीटच्या पाठीवर ताल धरला होता. घाटात ट्रकांची रांग लागली तेव्हा मला वाटलं, परत फिरावं. साताऱ्यात वाटलं, उद्या यावं. पेठ नाक्याला वळलो, आष्टा मागं पडलं, हळदीची धूळ खिडकीतून आत आली आणि मग मात्र मुकाट बसले.

भावाची बायको, सुमन, दारातच उभी होती. "ताई, कळवायचं न्हाई व्हय? काय झालं?" मी म्हटलं, "काही नाही गं, सहज." सहज कुणी उन्हातून येत नाही, हे तिलाही कळत होतं. तात्या सोप्यात खाटेवर उशीला टेकून बसले होते. उजवा हात मांडीवर ठेवलेला, ठेवला तिथंच राहणारा. मी पहिल्यांदा त्या हाताकडं बघितलं. त्याची बोटं गप्प होती. इतक्या वर्षांत मी ती गप्प बघितली नव्हती, आणि मला भरून आलं.

"म्हशीचा पिक्चर आणलाय तात्या," मी म्हणाले आणि त्यांच्यापुढं टॅबलेट धरला. म्हैस नदीतून बाहेर आली, अंग झटकलं, निघाली.

"आवाज मोठा कर की."

"आवाज गेला. बुरशीनं खाल्ला. चित्रच राहिलंय."

"आरारा," तात्या म्हणाले. "मुकीच चालती व्हय गं आता."

पिक्चर संपेपर्यंत ते बघत राहिले. मी मात्र त्यांच्याकडं बघत होते. आणि मग, आईनं दटावलेलं सगळं बाजूला सारून, एकदाचं विचारलं. "तात्या, त्या दिवशी शाळेत तुम्ही मधनंच उठून का गेलात?"

सुमन भाजी निवडत होती, तिचा हात थांबला. मला वाटलं, चुकलंच आपलं.

"हात थांबंनात," ते म्हणाले.

"म्हणजे?"

"आबा बोललं, सगळं गाव माझ्याकडं फिरलं. आन् माझी बोटं गुडघ्यावर चालूच. आवरू म्हणलं तर आवरंनात. सगळ्यांनी बघितलं आस्तं तर म्हणलं आस्तं, बघा, दगड्या वाजवतोय आजून. माझ्या बानं सोडलं ते सगळ्या गावापुढं सोडलं, शोभे. मी कसं चारचौघात वाजवायचं? मग घातलं हात काखंत आन् आलो घरला."

"म्हणजे माझ्यावर रागावला नव्हतात?"

"तुझ्यावर?" तात्यांनी माझ्याकडं असं बघितलं की मी पुन्हा शाळकरी झाले. "येडी का खुळी तू! लय ग्वाड वाजीवलंतास. म्हणून तर थांबंनात."

मी रडले. चांगली हुंदके देऊन रडले. साठीची बाई, पांढरे केस, आणि खाटेच्या पायाशी बसून नाक ओढतेय. सुमननं पाणी आणून दिलं, त्याच माठातलं. इतकी वर्षं मी त्या पाठीवर काय काय वाचत बसले होते, आणि तात्या आपले हात लपवून घरी आले होते! सुटका झाल्यासारखं वाटलं आणि त्याच वेळी असा संताप आला, की एवढं एक वाक्य विचारायला माणसाला अर्धं आयुष्य लागावं?

मग निखिलचं सांगितलं. तात्यांनी नीट ऐकून घेतलं. शाळेच्या मैदानावर त्याच वेळी गावातल्या पोरांच्या पथकाची तालीम सुरू झाली. हलगी कडाडली. सुमन सवयीनं उठली आणि दाराकडं गेली.

"राहू दे उघडं," तात्या म्हणाले.

सुमन दारातच थबकली. आम्ही तिघंही ऐकत राहिलो. तात्या मान तिरकी करून ऐकत होते. "चांगली वाजीवत्यात पोरं," ते म्हणाले. "जरा पळत्यात, पर चांगली वाजीवत्यात. त्यास्नी कोण 'ये रं' म्हणत न्हाई, न्हवं का?"

"नाही."

"मग वाजवू द्यात. त्यांची त्यास्नी लखलाभ."

"मग घेऊ हलगी? तुम्ही म्हणाल तसं. नको म्हणालात तर मी निखिलला सरळ सांगते."

"ह्या म्हशीला नगं." हे मात्र त्यांनी जुन्या आवाजात सांगितलं, ज्या आवाजात ते लोणंदला कधी फाटकावर ड्युटी लागली की बैलगाड्या थांबवायचे. दुखण्याचा त्यात लवलेश नव्हता. "ही डब्यावर चाललेली हाय. डबा कुठाय, सुमन?"

त्या जुन्या डब्याचं कधीच भंगार झालं होतं. सुमननं गोडेतेलाचा रिकामा डबा आणला. मी म्हटलं, निम्मे जोंधळे घाल. तिनं घातले. डबा खाटेवर त्यांच्या डाव्या हाताशी ठेवला. मी पिक्चर पुन्हा सुरू केला, फोन पुढं धरला आणि विचारलं, "आवाज धरू का, तात्या? पिक्चरात घालीन. सगळं गाव ऐकेल."

"धर की."

नुसत्या डाव्या हातानं त्यांनी आयुष्यात कधी वाजवलं नव्हतं. पहिल्यांदा चुकलं. म्हैस पुढं गेली, बोटं मागं राहिली. "थांब गं, म्हातारे," ते तिला म्हणाले. पुन्हा लावला. तीन पाय पडले. चौथा रेंगाळला, टेकू की नको असं केलं, आणि टेकला. दार उघडं होतं. समोरून सायकलवर जाणारा एक माणूस उतरून उभा राहिला आणि आत बघायला लागला. तात्यांनी त्याला बघितलं आणि बोटं तशीच चालू ठेवली. मैदानातली हलगी मध्ये मध्ये घुसत होती. निखिल म्हणणार, ताई, बाहेरचा गोंगाट आलाय. म्हणू दे, त्यासकट घ्यायचं म्हणून सांगीन.

म्हैस डोंगरात पोचली तेव्हा तात्या घामाघूम झाले होते. सुमननं पदरानं कपाळ पुसलं. जरा दम खाल्ल्यावर ते म्हणाले, "त्या पाट्या येत्यात न्हवं सुरवातीला? नावांच्या?"

"हो."

"त्यात माझं घाल. आमच्या वक्ताला वाजवणाऱ्याला नाव नसायचं."

मी फोनवर लिहायला घेतलं. "वाद्य काय लिहू?"

तात्यांनी डब्याकडं बघितलं. "डबा लिही. डबाच हाय की त्यो."

मी लिहिलं. ते मान उंच करून फोनकडं बघत होते, चष्म्याशिवाय त्यांना एक अक्षर दिसत नव्हतं. "आन् नाव आख्खं लिही," ते म्हणाले. "तुमच्यात मधलं गाळत्यात. गाळू नगंस."

मी लिहून मोठ्यानं वाचून दाखवलं, "डबा: दगडू संतू बनसोडे."

"परत वाच," तात्या म्हणाले.